कर्ममेळा : एका नावाची गोष्ट

आजच्या गप्पांचा विषय आहे नाव. एका मुलाचं नाव. साधारण पावणेसातशे-सातशे वर्षांपूर्वी मंगळवेढ्यात एका महाराच्या घरात ठेवलेलं. ते नाव म्हणजे कर्ममेळा.

तुमच्या गावची मतदारयादी उघडा. ज्ञानदेव सापडेल, नामदेव सापडेल, तुकाराम तर गल्लीगल्लीत. सोपान, एकनाथ, निवृत्ती, सावता हेही भेटतील. जुन्या पिढीत एखादा चोखाजीही भेटेल. पण कर्ममेळा? शाळेच्या हजेरीपटावर नाही, सातबाऱ्यावर नाही, पाळण्यात तर नाहीच. वारकरी संतांच्या मांदियाळीतलं हे नाव पुढे आपण कुणालाच ठेवलं नाही. ते का, हे समजून घ्यायचं तर आधी त्या घरात जावं लागेल.

हे घर संत चोखामेळ्यांचं. परंपरेनं त्यांचा जन्म बुलढाणा जिल्ह्यात देऊळगाव राजा तालुक्यातल्या मेहुण्याचा सांगतात. संसार झाला मंगळवेढ्याला, पंढरपूरपासून पंचवीसेक किलोमीटरवर. घरात चोखोबा, त्यांची बायको सोयराबाई, बहीण निर्मळा, निर्मळेचा नवरा बंका, आणि चोखोबा-सोयराबाईंचा मुलगा कर्ममेळा. अख्खं घर अभंग रचणारं. चोखोबांचे साडेतीनशेच्या आसपास अभंग आज मिळतात, सोयराबाईंचे साठेक, कर्ममेळ्याचे पंचवीसेक. निर्मळा आणि बंका यांचेही आहेत. ज्यांना पाटीला हात लावायची मुभा नव्हती, त्या माणसांची ही रचना. मग ती टिकली कशी? जनाबाईंच्या नावावरच्या एका अभंगात कोणत्या संताचे अभंग कोण लिहून घेई याची यादीच आहे. त्यात चोखोबांचा लेखक म्हणून अनंतभट्टाचं नाव येतं. म्हणजे तोंडानं सांगायचं यांनी आणि लिहायचं दुसऱ्यानं.

आता नावांकडे येऊ. चोखा म्हणजे चोख, स्वच्छ, भेसळ नसलेलं. आपण बचत गटात म्हणतो ना, हिशेब चोख पाहिजे, तोच हा शब्द. ज्याची सावली पडली तर विटाळ झाला म्हणायचे, त्या माणसाचं नाव ‘शुद्ध’! त्याच्या बहिणीचं नाव निर्मळा, म्हणजे जिला मळ नाही ती. एका घरात भावाचं नाव चोखा आणि बहिणीचं निर्मळा. गाव त्यांना अपवित्र म्हणत होतं आणि त्यांना हाक मारायची तर ‘पवित्र’ असंच म्हणावं लागत होतं.

चोखा या नावाची आणखी एक गोष्ट सांगतात. चोखोबांची आई आंबे घेऊन निघाली होती. वाटेत देव ब्राह्मणाच्या रूपात आला आणि त्यानं एक आंबा मागितला. त्यानं तो चोखला आणि आंबट आहे म्हणून परत दिला. तिनं तो पदरात बांधला. पुढे पदर सोडून पाहते तर आंब्याच्या जागी बाळ. चोखलेल्या आंब्याचा म्हणून चोखा. गोष्ट गोडच आहे, पण तिच्यातली एक बाब ध्यानात घ्या. या माणसांचं उष्टं कुणी खात नसे, उलट गावचं उष्टं यांच्या वाट्याला येई. गोष्टीतसुद्धा देवाचं उष्टंच त्यांच्या पदरात पडलं. हा उष्ट्याचा धागा पुढे मुलाच्या अभंगात पुन्हा येणार आहे.

आता मुलाचं नाव. त्यात दोन शब्द आहेत. ‘मेळा’ हा बापाच्या नावातूनच आलेला. मेळा म्हणजे एकत्र येणं, जमणं. मेळावा, ताळमेळ, मेळ बसणं हे सगळे त्याच घरचे शब्द. आणि ‘कर्म’ तर आपल्या रोजच्या तोंडात आहे. काम या अर्थानं आहे, विधी या अर्थानं आहे, आणि कपाळाला हात लावून ‘माझं कर्म!’ म्हणतो तेव्हा नशीब या अर्थानंही आहे. मागच्या जन्मी जे केलं ते या जन्मी भोगायचं, हाही अर्थ त्यातच. तेव्हा कर्ममेळा म्हणजे कर्माचा मेळ, केलेल्याचं आणि भोगायचं यांचं एकत्र येणं, असा त्या शब्दांचा सरळ अर्थ लागतो.

हे नाव ठेवलं कसं, याची हकिगत मोठी सुरेख आहे. सोयराबाईंना मूल नव्हतं. त्यांनी विठ्ठलाला साकडं घातलं. कथेत असं येतं की एक दिवस म्हातारा ब्राह्मण दारात आला आणि जेवायला मागू लागला. सोयराबाई म्हणाल्या, बाबा, आम्ही महार, आमच्या घरचं तुम्हाला कसं चालेल? तो हटेना. शेवटी त्यांनी दहीभात वाढला. तो जेवला, आणि तुला मुलगा होईल असा आशीर्वाद देऊन गेला. तो विठ्ठलच होता.

दिवस भरत आले. घरात तर काहीच नाही. बाळंतिणीला लागणारं तूप नाही, गूळ नाही, चिंध्यासुद्धा धड नाहीत. चोखोबा भांबावले आणि बहिणीकडे, निर्मळेकडे निघून गेले. मागे सोयराबाई एकट्या. तेव्हा विठ्ठल निर्मळेचं रूप घेऊन आला. वहिनी, मी आलेय, म्हणाला. त्यानं बाळंतपण केलं, बाळाला न्हाऊमाखू घातलं, घर सावरलं.

मैत्रिणींनो, इथे देव कुणाच्या रूपात आला ते बघा. आत्याच्या! आपल्याकडे बारशाला मान कुणाचा? बाळाच्या कानात नाव सांगून कुर्र कोण करतं? आत्या. नाव ठेवण्याचा जो हक्क बाईकडे आहे, तो बजावायला देवालाही बाई व्हावं लागलं. आणि हे मागाहून कुणी रचलं एवढंच नाही. सोयराबाईंच्या नावावर स्वतःच्या मुलाच्या जन्माचा अभंग आहे. कर्ममेळा जन्मला, विठ्ठल-रुक्मिणी धावत आले आणि त्यांनी आनंदानं बारसं केलं, असं आई त्यात सांगते. त्या काळच्या किती राजपुत्रांचं बारसं त्यांच्या आईनं स्वतःच्या शब्दांत सांगून ठेवलंय? इथे एका महार बाईनं ते सांगून ठेवलं. म्हणून हे नाव आपल्यापर्यंत आलं.

पण पुढचं ऐकायला जड आहे. हा नवसाचा मुलगा मोठा झाला आणि अभंग रचू लागला. त्यानं देवाला काय विचारलं? मला जन्म दिलास तरी कशाला, असं विचारलं. आमची जात हीन कुणी केली, उष्टं खाण्यात आमचा जन्म गेला त्याची तुला लाज कशी वाटत नाही, असं विचारलं. आमच्या घरचा दहीभात गोड मानून जेवलास, मग आता ओळख का विसरतोस, अशा अर्थाचाही टोमणा मारला. आईनं ज्या देवापाशी पदर पसरून मूल मागितलं, त्याच देवाला ते मूल जाब विचारतंय.

बापाचंही दुःख हेच होतं. चोखोबांनीही विटाळाच्या कल्पनेला कडक प्रश्न विचारले. सोयराबाईंनीही विचारलं, की देहात विटाळ म्हणता, तर विटाळावाचून जन्मलेला देह दाखवा कुठे आहे. पण चोखोबांच्या अभंगांत मागल्या जन्मीच्या चुकीचं हे फळ असावं, अशी समजूतही कुठे कुठे येते. मुलाचं तसं समाधान होत नाही. ज्याच्या नावातच कर्म आहे तो ‘माझं कर्म’ म्हणून गप्प बसला नाही. या घरातल्या दोन पिढ्यांमधला हा फरक मला फार महत्त्वाचा वाटतो. आईबापांनी नाव दिलं, आणि पोरानं त्या नावाचाच अर्थ उलटा विचारला.

चोखोबांचा शेवटही ध्यानात ठेवण्यासारखा आहे. मंगळवेढ्याच्या गावकुसाचं काम चालू होतं. वेठीला धरलेले मजूर भिंत बांधत होते. ती कोसळली आणि त्याखाली अनेकांसोबत चोखोबा गेले. शके १२६०, म्हणजे इसवी सन १३३८. ज्या कुसाच्या आत राहायची त्यांना परवानगी नव्हती, ते बांधताना जीव गेला. नामदेवांनी त्यांच्या अस्थी पंढरपूरला आणल्या. ज्या हाडांतून विठ्ठल विठ्ठल ऐकू आलं ती चोखोबांची, अशी ओळख त्यांनी पटवली म्हणतात. समाधी बांधली ती महाद्वारासमोर, देवळाच्या बाहेर. ते दार त्यांच्या लोकांसाठी उघडलं १९४७ साली. साने गुरुजी त्यासाठी मे महिन्यात उपोषणाला बसले, तेव्हा. मोजून बघा, सहाशे नऊ वर्षं. कर्ममेळ्याच्या प्रश्नाला उत्तराची सुरुवात व्हायला एवढा काळ लागला.

आता मूळ प्रश्न. हे नाव मागे का पडलं? आपल्या मराठीत नावाला शेपूट कोणतं लावायचं यात सगळी प्रतिष्ठा असते. मान द्यायचा तर ‘बा’ लावायचा: ज्ञानोबा, तुकोबा, विठोबा. कमी लेखायचं तर ‘या’ लावायचा: नाम्या, तुक्या, धोंड्या. गावकुसाबाहेरच्या माणसाला, मग तो साठीचा असला तरी, गाव ‘या’ लावूनच हाक मारी. चोखोबांना वारकऱ्यांनी ‘बा’ लावला, ही मोठीच गोष्ट. पण त्यांच्या मुलाला कुणी ‘बा’ लावला नाही. गोड बोलणारा संत लोकांना पचतो. देवाला लाज काढून दाखवणारा पटकन पचत नाही. पंढरीच्या वाटेवर त्याचे अभंग बापाच्या अभंगांइतके गायले गेले नाहीत, मग नाव तरी पाळण्यात कसं येणार?

दुसरं असं, की ज्या समाजाचं हे नाव, त्यानं पुढे वेगळी वाट धरली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४८ साली अस्पृश्यांच्या इतिहासावरचं आपलं पुस्तक नंदनार, रविदास आणि चोखामेळा या तीन संतांच्या स्मृतीला अर्पण केलं. पण १४ ऑक्टोबर १९५६ला नागपुरात धम्मदीक्षा झाल्यावर घरोघरी नवी नावं आली: गौतम, सिद्धार्थ, राहुल, आनंद, मिलिंद. मागल्या जन्माचं कर्म नाकारणाऱ्या माणसांनी ‘कर्म’ असलेलं नाव पोरांना ठेवलं नाही, यात नवल ते काय! त्यांनी कर्ममेळ्याचं नाव घेतलं नाही, पण त्याचा प्रश्न मात्र घेतला.

नावानं एवढा फरक पडतो का, असं कुणी म्हणेल. पडतो. पोरं जगत नव्हती तेव्हा आपल्या पणज्या-आज्या मुलाचं नाव धोंडू, दगडू, केरू, उकिर्डा असं ठेवत. दृष्ट लागू नये, यमानं दगड समजून सोडून द्यावं म्हणून. त्या वाईट नावामागे आईची माया होती. पण मुलीला ‘नकुशी’ म्हणतात तेव्हा त्यामागे माया नसते. ती नको होती, एवढंच ते नाव सांगतं, आणि जन्मभर सांगतं. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा दोनशेहून अधिक मुलींना समारंभानं नवी नावं दिली गेली. कित्येकींनी आपलं नाव स्वतः निवडलं.

आणि आता तर १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदावर मुलाच्या नावापुढे आधी आईचं नाव लागतं, मग बापाचं, मग आडनाव. सोयराबाईंनी स्वतःच्या अभंगांखाली सही करताना नवऱ्याचं नाव आणि आपली जात लावली. कर्ममेळ्यानंही ‘चोख्याचा’ असंच म्हटलं. आईनं बारशाचा अभंग रचला, पण मुलाच्या सहीत आईला जागा मिळाली नाही. आजच्या कागदावर ‘कर्ममेळा सोयरा चोखा’ असं लिहिलं गेलं असतं.

पुढच्या बैठकीत एक काम करूया. गटातल्या प्रत्येकीनं आपल्या आईचं, आजीचं आणि जमलं तर पणजीचं माहेरचं नाव सांगायचं. लग्नात बदललेलं नको, पाळण्यातलं हवं. ते कुणी ठेवलं, का ठेवलं, हे म्हाताऱ्या बायकांना विचारून यायचं. वहीच्या शेवटच्या पानावर लिहून ठेवायचं. बचतीचा हिशेब आपण चोख ठेवतोच, तसाच हाही ठेवूया. आणि अंगणवाडीत एखादी नकुशी येत असेल, तर तिच्या आत्याला बोलावून नव्यानं बारसं करायला काय हरकत आहे? नाव ठेवायचा मान तर आपलाच आहे.