बाबूराव पेंटर : चित्रकार आणि शिल्पकार

प्रस्तावना

गेल्या शतकात मराठी माणसाच्या मनात संत तुकारामांचा जो चेहरा ठसला, तो घडविण्यात १९३६ साली प्रदर्शित झालेल्या प्रभात फिल्म कंपनीच्या ‘संत तुकाराम’ या चित्रपटाचा वाटा फार मोठा आहे. विष्णुपंत पागनीस यांची तन्मय मुद्रा आणि इंद्रायणीकाठचे साधे देहू प्रेक्षकांनी इतके आपलेसे केले की, पुढील काळातील अनेक चित्रांतून तीच मुद्रा पुनःपुन्हा उमटली. या चित्रपटाचे दिग्दर्शक विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल. पडद्यावरील देहू उभे राहिले ते कलादिग्दर्शक फत्तेलाल यांच्या दृष्टीतून. हे दोघेही कोल्हापूरच्या एका चित्रशाळेत घडले होते. त्या चित्रशाळेचे आधारस्तंभ म्हणजे आनंदराव पेंटर आणि बाबूराव पेंटर. बाबूरावांचा उल्लेख बहुधा मूकपटाच्या इतिहासात होतो. मात्र ते मुळात आणि अखेरपर्यंत चित्रकार व शिल्पकार होते, हे लक्षात घेतल्याशिवाय त्यांच्या चित्रपटांचाही नीट उलगडा होत नाही.

जडणघडण

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापूर येथे कारागिराच्या घरात झाला. मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेचे शिक्षण त्यांना लाभले नाही. वडिलांचे हस्तकौशल्य, नात्याने भाऊ असलेल्या आनंदरावांची सोबत आणि सततचा सराव एवढीच त्यांची शिदोरी होती. अर्थात कोल्हापूरचे वातावरण कलेला पोषक होते. छत्रपती शाहू महाराजांच्या संस्थानात संगीत, नाटक, मल्लविद्या यांबरोबर चित्रकलेलाही आश्रय होता. आबालाल रहिमान यांच्यासारखा निसर्गचित्रणात रमलेला थोर चित्रकार त्याच नगरीत वावरत होता. दुसरीकडे राजा रविवर्मा यांची मुद्रित देवचित्रे घरोघर पोहोचली होती. ती छापणारा छापखाना मुंबईहून मळवलीस, म्हणजे देहूपासून फारशा दूर नसलेल्या गावी, आला होता. देवदेवतांना हाडामांसाचे मानवी रूप देण्याची ही पद्धत त्या पिढीतील चित्रकारांच्या डोळ्यांसमोर होती.

१९१० ते १९१६ या काळात आनंदराव व बाबूराव यांनी संगीत नाटक मंडळ्यांसाठी रंगविलेले पडदे विशेष गाजले. या व्यवसायानेच दोघांना ‘पेंटर’ हे नाव दिले आणि मूळचे मेस्त्री हे आडनाव लोकांच्या बोलण्यातून मागे पडले. कारागीर आणि कलावंत यांच्यात आज मानला जातो तसा भेद त्यांच्या कामात नव्हता. पडदा रंगविणे, व्यक्तिचित्र काढणे, मातीत मुखवटा घडविणे आणि यंत्र दुरुस्त करणे ही सारी एकाच हाताची कामे होती.

पडद्यावरचे शिल्प

दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटाने या भावांना चलत्‌चित्राचे वेड लावले. स्वतःचा कॅमेरा तयार करण्याचा प्रयत्न चालू असतानाच १९१६ मध्ये आनंदराव निवर्तले. बाबूरावांनी दामले यांच्या साहाय्याने ते काम तडीस नेले आणि तानीबाई कागलकर यांच्या आर्थिक पाठबळावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. ‘सैरंध्री’ (१९२०) पाहून लोकमान्य टिळकांनी त्यांचा ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरव केला. वेशभूषा, दागिने, नेपथ्य यांचे आराखडे बाबूराव स्वतः रेखाटत असत. ‘सिंहगड’ (१९२३) साठी त्यांनी कृत्रिम प्रकाशाचा उपयोग केला. इतिहासकार त्याकडे तांत्रिक नवलाई म्हणून पाहतात. परंतु छायाप्रकाशाच्या आधारे चेहऱ्याला घनता देणे हा व्यक्तिचित्रकाराचा नित्याचा प्रश्न आहे. सूर्यप्रकाशावर अवलंबून राहून तो सुटत नव्हता, म्हणून दिव्यांची योजना झाली, असे म्हणणे अधिक सयुक्तिक ठरेल.

‘सावकारी पाश’ (१९२५) मध्ये या दृष्टीचा परिपाक दिसतो. हरि नारायण आपटे यांच्या कथेवरील या मूकपटात कर्जापायी जमीन गमावलेल्या शेतकऱ्याची व्यथा आहे. तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. काळोखातील झोपडी आणि रडणारे कुत्रे हे त्यातील दृश्य पाहणाऱ्यांच्या दीर्घकाळ स्मरणात राहिले. कर्जाची खतपत्रे इंद्रायणीत बुडविणाऱ्या तुकारामांची परंपरेने जपलेली कथा ज्या समाजात सांगितली जाते, त्या समाजाला सावकारीचा विषय परका नव्हता. नवे होते ते त्याला देवादिकांच्या कथेबाहेर, वास्तव माणसाच्या चेहऱ्यातून साकारणे.

१९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर यांनी बाहेर पडून प्रभातची स्थापना केली. त्यानंतर महाराष्ट्र फिल्म कंपनी फार काळ तग धरू शकली नाही. बाबूरावांनी पुढेही ‘उषा’ (१९३५), ‘प्रतिभा’ (१९३७) यांसारखे बोलपट दिग्दर्शित केले, तरी त्यांचे मन कुंचला व माती यांकडे अधिक वळले. त्यांच्या हाताखाली शिकणाऱ्यांत अभिनेते व चित्रकार चंद्रकांत मांडरे हेही होते. मूकपटांचे आज काही तुकडेच उरले आहेत. त्यामुळे बाबूरावांच्या प्रतिभेचा प्रत्यक्ष पुरावा म्हणून त्यांच्या तैलचित्रांना आणि शिल्पांना चित्रपटांहूनही अधिक महत्त्व येते.

शिवाजी चौकातील पुतळा

या शिल्पांपैकी इतिहासाशी सर्वांत निकट नाते जडले ते कोल्हापूरच्या शिवाजी चौकातील छत्रपती शिवाजी महाराजांच्या अर्धपुतळ्याचे. त्या जागी पूर्वी मुंबई इलाख्याचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांचा पुतळा होता. परकीय सत्तेचे ते चिन्ह स्वातंत्र्यलढ्यातील कार्यकर्त्यांना सलत होते. जयाबाई हविरे व भागीरथीबाई तांबट या दोघींनी धाडसाने तो विद्रूप केला. पुढे १९४५ मध्ये भालजी पेंढारकर यांच्या पुढाकाराने तेथे बाबूरावांनी घडविलेला शिवरायांचा पुतळा बसविण्यात आला. संस्थानी राजवट आणि इंग्रजी अंमल दोन्ही कायम असताना हे घडले, हे विसरता येत नाही. चौकात मधोमध उभा राहणारा पुतळा घडविणे हे शिल्पकारासाठीही जोखमीचेच काम होते.

यात एक योगायोग नोंदविण्याजोगा आहे. शिल्पकार वि. पां. करमरकर यांनी घडविलेल्या पुण्यातील शिवाजी महाराजांच्या अश्वारूढ पुतळ्याचे अनावरण १९२८ मध्ये याच विल्सन यांच्या हस्ते झाले होते. सतरा वर्षांनंतर कोल्हापुरात विल्सन यांच्या जागी शिवराय आले, आणि ते घडविणारा हात संस्थानातल्याच एका मेस्त्रीच्या घरातला होता. बाबूरावांचे १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरात निधन झाले.