गेमला लागणारी जागा
1997 साली नोकिया 6110 मध्ये सापाचा गेम आला, तो फोनसोबतच. काढायचा प्रश्नच नव्हता. जावाचे गेमही काहीशे केबींचे. मोबाइल दुरुस्तीच्या माझ्या काउंटरवर ‘जागा करून द्या’ म्हणत गिऱ्हाइकं येऊ लागली ती अँड्रॉइड आल्यावर. 2010 च्या फ्रोयो या अँड्रॉइड आवृत्तीने ॲप मेमरी कार्डवर हलवायची सोय केली, पण सगळं बाहेर जात नसे.

खरा बदल मार्च 2012 चा. गूगलने 50 एमबीच्या ॲपसोबत प्रत्येकी 2 जीबीपर्यंतच्या दोन जोडफायली ठेवू दिल्या. या ओबीबी फायली. त्या काळात 4 जीबीचे फोन खपत होते; एकच मोठा गेम आला की फोटोलाही जागा उरत नसे.

आजही फोन हातात आला की मी आधी सेटिंगमध्ये गेमचं पान उघडतो. ‘क्लिअर कॅशे’ने फक्त तात्पुरत्या फायली जातात. ‘क्लिअर डेटा’ मात्र फोनमध्येच जपलेल्या लेव्हलही पुसतो. एक शाळकरी पोरगा म्हणाला होता, ‘काका, दादाची लेव्हल जाईल.’ खातं जोडलेलं होतं, प्रगती सर्व्हरवर होती. तरी लॉगिन तपासल्याशिवाय मी बोट लावलं नाही. घाईने दाबणारा दुरुस्तीवाला मला पटत नाही.

2020 च्या अँड्रॉइड 11 ने ओबीबीचं फोल्डर इतर ॲपना बंद केलं. 2023 मध्ये प्ले स्टोअरने न वापरलेलं ॲप हटवून त्यातला डेटा राखायची सोय आणली. ती फार आधी यायला हवी होती.