आरन्मुळ्याचा आरसा

जादूच्या आरशाच्या गोष्टी आम्ही बालपणी ऐकल्या. पण तसा वाटावा असा आरसा घडविणारी कुळे केरळात पंपा नदीकाठी, आरन्मुळा येथे आहेत. तो काचेचा नसून तांबे व कथील यांच्या मिश्रधातूचा असतो. मातीच्या साच्यात ओतून तो दिवसेंदिवस घासतात. प्रतिबिंब पृष्ठभागावरच उमटत असल्यामुळे टेकविलेले बोट व त्याची प्रतिमा यांत अंतर उरत नाही. धातूंचे प्रमाण हे कुळाचे गुपित. या कारागिरांचे पूर्वज तमिळ मुलखातून आले, अशी आख्यायिका आहे. ऑगस्ट २०१८ च्या महापुरात त्यांच्या कार्यशाळा बुडाल्या, साचे गेले. हातांतली विद्या तेवढी राहिली. परमुलखात रुजलेल्या आम्हां मराठी कुळांना याचे मर्म सांगावे लागत नाही. वाडे पडतात, दप्तरे भिजतात. पुढल्या पिढीच्या हाती दिलेले तेवढेच टिकते.