माळरान आणि पडदा

सावेडीसारख्या नगरच्या उपनगरांत राहणाऱ्याला गांवाबाहेरचें माळरान म्हणजे एक देखावा. मेंढपाळाला मात्र तेथें पाऊल टाकावयाचें तें दुसऱ्याच्या मर्जीनें. भाऊराव कऱ्हाडे ह्यांचा ‘ख्वाडा’ (२०१५) हा चित्रपट मेंढपाळाच्या बाजूनें पाहतो. कऱ्हाडे शेतकऱ्याचे पुत्र. चित्रपटविद्येचे धडे त्यांनीं नगरच्याच महाविद्यालयांत घेतले. चित्रपटांतील धनगर रघू गेलेल्या जमिनीसाठीं न्यायालयाचे उंबरठे झिजवतो, आज ह्या शेतांत तर उद्यां त्या शेतांत मेंढरें बसवितो. धाकट्या बाळूला ही भटकंती नको, घर हवें, बायको हवी. आणि नवल असें कीं, जमिनीची ही कथा पडद्यावर आणण्यासाठीं कऱ्हाडे ह्यांनीं स्वतःची शेतजमीन विकली! २०१४ सालच्या चित्रपटांसाठींच्या राष्ट्रीय पुरस्कारांत तिला परीक्षकांचें विशेष पारितोषिक लाभलें. प्रत्यक्ष स्थळींच टिपलेल्या ध्वनीचाही गौरव झाला.