गौण पात्राची साक्ष

हुकूमशाहीचा इतिहास आपण बहुधा हुकूमशहाच्या चरित्रातून वाचतो. तिच्या छायेत निमूटपणे जगलेल्या सामान्य माणसाच्या मनाची नोंद सरकारी दप्तरांत क्वचितच आढळते. फ्रँकोच्या राजवटीतील स्पेनपुरते बोलायचे तर अशी नोंद आम्हांला होसे लुईस लोपेस वास्केस (१९२२–२००९) या चरित्र अभिनेत्याच्या कारकिर्दीत सापडते.

माद्रिदमध्ये जन्मलेला हा कलावंत वेशभूषा आणि नेपथ्याच्या कामातून अभिनयाकडे आला. टक्कल, बारीक मिशी, लगबगीचे बोलणे. रूढ नायकाचे एकही लक्षण त्याच्यापाशी नव्हते. मार्को फेरेरीच्या 'एल पिसितो'मध्ये (१९५९) घर मिळत नाही म्हणून ज्याचे लग्न वर्षानुवर्षे रखडले आहे असा नोकरदार तो रंगवतो. अखेर तो एका वृद्ध भाडेकरू स्त्रीशी लग्न करतो; तिच्या पश्चात भाड्याचा हक्क आपल्याकडे यावा, एवढाच हेतू. बेर्लांगाच्या 'प्लासिदो'मध्ये (१९६१) नाताळच्या रात्री संपन्न घरांतून एकेका गरिबाला जेवू घालण्याच्या मोहिमेचा तो उत्साही संयोजक आहे. ही माणसे दुष्ट नाहीत. नियमांच्या चौकटीत ती आपापली सोय पाहतात, आणि क्रौर्य घडते ते या सोयीतूनच. दोन्ही पटकथांत राफाएल आस्कोनाचा सहभाग असणे हा योगायोग नव्हे.

१९७२च्या डिसेंबरात स्पॅनिश दूरचित्रवाणीने आंतोनियो मेर्सेरोचा 'ला काबिना' हा जेमतेम पस्तीस मिनिटांचा चित्रपट दाखवला. एक गृहस्थ टेलिफोन बूथमध्ये अडकतो. भोवती गर्दी जमते. लोकांची करमणूक होते. मग एक ट्रक येतो आणि बूथ त्याच्यासकट उचलून नेतो. शेवटी एका भूमिगत कोठारात तशाच बूथांच्या रांगा दिसतात. आत पूर्वी अडकलेल्यांची प्रेते. संवाद अगदी थोडे, सारा भार चेहऱ्यावर. वर्षानुवर्षे ज्या चेहऱ्याला प्रेक्षक हसला, त्याच चेहऱ्याने त्याला गर्दीतली आपली जागा दाखवून दिली. या कृतीला १९७३चा आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार लाभला.

कार्लोस साउराच्या 'ला प्रिमा आंखेलिका'मध्ये (१९७४) तो आणखी पुढे जातो. आईच्या अस्थी घेऊन सेगोव्हियाला परतलेला प्रौढ लुईस आणि १९३६च्या यादवीतला बालक लुईस, दोन्ही तोच साकारतो. रंगभूषेचा आधार न घेता, त्याच टकलासह. बालपणीचे भय वयाबरोबर सरलेले नाही, हे सांगायला वेगळ्या संवादाची गरजच उरत नाही. बार्सेलोनात हा चित्रपट दाखवणाऱ्या चित्रपटगृहावर त्याच वर्षी हल्ला झाला. दुखऱ्या जागी बोट पडले होते, हे त्यावरून उघड आहे.

सन्मानार्थ गोया पुरस्कार त्याला २००५ साली मिळाला. साहित्याच्या वर्गात आपण नायकाचा प्रवास रेखाटतो आणि गौण पात्रे दोन ओळींत आटोपतो. परंतु एखाद्या काळातील माणसे कशाला भ्याली, कशापुढे गप्प राहिली, हे जाणून घ्यायचे असेल, तर आधी त्या दोन ओळींकडेच वळावे, असे आम्हांला वाटते.