चिमुकल्या देशाचा चषक

युरोपचा नकाशा वर्गाच्या भिंतीवर टांगा आणि मुलांना त्यात लिख्टेनश्टाइन शोधायला सांगा. पोरे चक्रावून जातात. देश इतका चिमुकला की त्याचे नाव त्याच्या हद्दीत मावत नाही; नकाशे छापणारे ते बाजूला छापतात आणि एक बारीक रेघ ओढून देतात. पश्चिमेला राईन नदी, तिच्यापलीकडे स्वित्झर्लंड. पूर्वेला ऑस्ट्रियाचे डोंगर. क्षेत्रफळ अवघे 160 चौरस किलोमीटर, गावे अकरा, वस्ती सुमारे चाळीस हजार. आपला एखादा तालुका याहून मोठा भरेल. वर राजघराणे आहे, तेव्हा आपल्या जुन्या भाषेत याला संस्थानच म्हणा ना! पदरी सैन्य मात्र नाही. ते 1868 सालीच मोडून टाकले.

अशा देशात फुटबॉल खेळायचा तर कोणाशी?

प्रश्न थट्टेचा नव्हे. 1930 नंतरच्या दशकात तिथे गावोगावी क्लब उभे राहिले आणि 1934 साली त्यांची राष्ट्रीय संघटना स्थापन झाली. पण क्लब होऊन होऊन किती होणार? आजही ते सातच आहेत: फादुत्स, बाल्झर्स, ट्रीझेन, ट्रीझेनबेर्ग, शान, रुगेल, आणि एशेन व माउरेन या दोन गावांचा मिळून एक. वर्षभर त्याच सहा जणांशी खेळत राहिले तर खेळणाराही कंटाळतो आणि पाहणाराही. म्हणून हे सारे क्लब शेजारच्या स्वित्झर्लंडच्या साखळी स्पर्धेत खेळतात. रोजचा संसार शेजाऱ्याच्या अंगणात, असा हा प्रकार आहे.

मग देशाचे स्वतःचे असे काय उरले? उरला तो एक चषक. महायुद्ध संपल्यावर, 1946 साली, लिख्टेनश्टाइन चषकाचे सामने सुरू झाले. पहिला चषक ट्रीझेनने नेला. सात क्लबांत स्पर्धा ती कसली, असे तुम्ही म्हणाल. पण इथे एक सोय आहे. प्रत्येक क्लब आपला पहिला संघ उतरवतोच, शिवाय दुसरा आणि तिसराही उतरवू शकतो. हे खेळाडू बहुतेक हौशी. दिवसा कचेरीत किंवा कारखान्यात काम करायचे आणि संध्याकाळी सरावाला यायचे. (कारखाने आहेत बरं का! कृत्रिम दात साऱ्या जगाला विकणारा हा देश आहे.) शेजारच्या गावाला हरवण्याची ईर्ष्या काय असते, हे ज्याने आपल्याकडे जत्रेतली कुस्ती पाहिली आहे त्याला वेगळे सांगायला नको.

कितीतरी वर्षे हा चषक असा घरच्या घरातच फिरत राहिला. 1974 साली देशाला युरोपीय आणि जागतिक अशा दोन्ही फुटबॉल महासंघांचे सदस्यत्व मिळाले, तरी खरा पालट झाला तो 1992 साली. त्या वर्षापासून इथला विजेता युरोपच्या चषकविजेत्यांच्या स्पर्धेत जाऊ लागला. स्विस साखळीत कितीही वर चढले तरी हे क्लब स्वित्झर्लंडचे प्रतिनिधी म्हणून युरोपात जाऊ शकत नाहीत. त्यांना दार हे एकच.

पहिल्याच वर्षी फादुत्सने युक्रेनच्या ओडेसा शहराच्या संघाकडून दोन सामन्यांत मिळून बारा गोल खाल्ले. पुढल्याच वर्षी बाल्झर्सने मात्र अल्बेनियाच्या संघाला 3–1 असे हरवले, परतीचा सामना बरोबरीत सोडवला आणि पुढची फेरी गाठली. 1996 साली फादुत्सने रीगाच्या संघाला पेनल्टीवर नमवले आणि पुढे गाठ पडली ती पॅरिसच्या संघाशी, म्हणजे ती स्पर्धा नुकत्याच जिंकलेल्या विजेत्याशी. फादुत्स 4–0 आणि 3–0 असे हरले. पण लहानशा गावातली माणसे पॅरिसशी खेळून आली, ही गोष्ट स्कोअरात मावत नाही.

या दाराने भले केले तसा एक घोळही करून ठेवला, असे मला वाटते. युरोपात सामने झाले की पैसा येतो. पैसा आला की बाहेरून चांगले खेळाडू आणता येतात. आणि चांगले खेळाडू असले की चषक पुन्हा आपलाच. फादुत्स पुढे व्यावसायिक संघ झाला आणि 2008 साली स्वित्झर्लंडच्या सर्वांत वरच्या श्रेणीत चढला. बाकीचे हौशीच राहिले. 1998 ते 2011 अशी लागोपाठ चौदा वर्षे चषक फादुत्सकडेच होता. नोकरी सांभाळून खेळणाऱ्यांनी पगारी खेळाडूंपुढे दरवर्षी उभे राहायचे, ही कुस्ती बरोबरीची कशी म्हणावी?

तरीही ते उभे राहिले. 2012 सालच्या अंतिम सामन्यात एशेन-माउरेनचा संघ फादुत्सशी पेनल्टीपर्यंत झुंजला आणि जिंकला. चौदा वर्षांनी चषक दुसऱ्या गावात गेला. त्या उन्हाळ्यात युरोपच्या स्पर्धेत फादुत्सऐवजी एशेन आणि माउरेनची मंडळी उतरली. आइसलंडच्या संघाने त्यांना पहिल्याच फेरीत परत पाठवले, आणि पुढच्या वर्षी चषकही पुन्हा फादुत्सला गेला.