लावणी आपली, मग लावणीवाली कुणाची?

मंडळी, युरोपात रोमा नावाचा समाज आहे. आपल्याला 'जिप्सी' म्हणून ऐकून माहीत. त्यांची भाषा मूळची इकडचीच. पाण्याला 'पानी' म्हणतात, कानाला 'कान'. आजच्या रुमानियात लग्नाला वाजवायला पिढ्यान् पिढ्या हेच लोक, आणि त्याच मुलखात १८५६ पर्यंत हे गुलाम होते. चक्क विकले जायचे.

लांबचं वाटतंय? मग लालबागला या. गिरण्या चालू होत्या तेव्हा तिथल्या हनुमान थिएटरात तमाशाचे फड उतरायचे. बायकापोरं गावाला ठेवून आलेला घाटावरचा कामगार पाळी सुटली की तिकीट काढून बसायचा. त्याला गाव भेटायचं ते ढोलकीत. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, पुढं गिरण्या गेल्या, तो प्रेक्षकही गेला. थिएटर बंद पडलं.

गाणाऱ्या-नाचणाऱ्या कितीतरी बाया कोल्हाटी समाजाच्या. सरकारी यादीत 'भटक्या जमाती ब'. यमुनाबाई वाईकर यांच्यातल्याच. लहानपणी रस्त्यावर गाऊन पोट भरलं, पद्मश्री मिळाली २०१२ ला, नव्वदी ओलांडल्यावर.

दुसरं नाव डॉ. किशोर शांताबाई काळे. आई तमाशात नाचणारी, बापानं नाव दिलं नाही. पोरगा मुंबईच्या ग्रँट मेडिकलमधून डॉक्टर झाला आणि १९९४ ला 'कोल्हाट्याचं पोर' लिहिलं. मुखपृष्ठावर आईचं नाव लावून. १ मे २०२४ पासून जन्मणाऱ्या मुलांच्या नावात आईचं नाव सरकारनं सक्तीचं केलं, त्याचं आपण कौतुक केलं. करायलाच हवं. पण या पोरानं ते तीस वर्षं आधी केलं होतं, आणि तेही हौस म्हणून नव्हे.

आता आपल्या गावाचं बोलू. गणपती-जत्रेत लावणी ठेवली की माझ्याकडे प्रेसनोट येते. तिच्यात आमदारांपासून सरपंचांपर्यंत सगळ्यांची नावं असतात. गाणाऱ्या बाईचं नसतं. 'बहारदार लावण्यांचा कार्यक्रम' एवढंच. लावणी महाराष्ट्राची शान म्हणून भाषणं मात्र तिच्याच स्टेजवरून होतात.

मंडळवाल्यांनो, यंदा तीन गोष्टी करा. ठरलेले पैसे त्याच रात्री द्या. कपडे बदलायला कडी लागणारी खोली द्या. आणि पत्रिकेवर बाईंचं पूर्ण नाव छापा, त्या सांगतील तसं. आईचं सांगितलं तर आईचं.